घोडीचे लांबलेले नाव

एडिसन, न्यू जर्सी

ती. आप्पा व ती. सौ. आई यांस शि. सा. न. वि. वि.

वी हे टीव्हीला जोडून खेळायचे यंत्र निन्टेन्डो या जपानी कंपनीने २००६ साली बाजारात आणले. आकाराने ते डीव्हीडीच्या तीन डब्या एकावर एक ठेवल्याएवढे. अमेरिकेत सुरुवातीची किंमत अडीचशे डॉलर होती आणि पुढच्या काही वर्षांत जगभर अशी दहा कोटींहून अधिक यंत्रे खपली. आता यातली बरीचशी तळघरात किंवा गॅरेजमध्ये पडून असतात. एडिसनच्या घरातले यंत्र शेजारच्या गल्लीतल्या गॅरेज सेलमधून पंधरा डॉलरांना आले; सोबत सात तबकड्या, दोन रिमोट आणि एका रिमोटच्या पोटात फुटलेले सेल. नातवंडे शनिवार-रविवार त्या डब्यात नक्की काय भरत असतात, असे आईंनी फोनवर तीनदा विचारले. आप्पांना अर्धवट सांगितलेले चालत नाही, म्हणून पुढील माहिती क्रमवार दिली आहे.

नव्वदच्या दशकात सांगलीत वाढलेल्या पिढीला खेळ यंत्रात घालण्याची एकच रीत ठाऊक होती. पिवळी कॅसेट खाचेत दाबायची, चित्र आले नाही तर काढून तिला फुंकर मारायची. कॅसेटवर ९९९९ खेळ लिहिलेले असत आणि प्रत्यक्षात दहा-वीसच नावे बदलून पुन्हा पुन्हा येत. वीमध्ये फुंकर चालत नाही. त्याचे खेळ डीव्हीडीएवढ्या तबकडीवर असतात, ती लेझरने वाचली जाते, आणि लेझर वयोमानाने दमतो. गॅरेज सेलच्या सातांपैकी दोन तबकड्यांवर तर कुणी तरी वाटी घासावी तसे चरे होते. तबकड्या चालताहेत तोवर त्यांच्या प्रती हार्ड डिस्कवर घेऊन ठेवणे आणि पुढे तिथूनच खेळणे, हा सगळ्या खटाटोपाचा मूळ हेतू.

अडचण कुलपाची आहे. कंपनीची डिजिटल सही असलेलाच प्रोग्रॅम चालवायचा, असे यंत्राला शिकवलेले असते. हे कुलूप उघडल्याची कथा आप्पांना आवडण्याजोगी आहे. वीमध्ये आधीच्या पिढीतल्या गेमक्यूबचे खेळही चालत, आणि ते चालताना यंत्राच्या स्मृतीचा काही भागच उघडा ठेवला जाई. काही हौशी मंडळींनी यंत्र उघडून सर्किट बोर्डावरचे ठरावीक बिंदू चक्क चिमट्याने एकमेकांना जोडले. त्यामुळे झाकलेला भाग वाचता आला आणि तिथेच किल्ल्या सापडल्या. चिमट्याला इंग्रजीत जे म्हणतात त्यावरूनच या चमूने पुढे ‘टीम ट्विझर्स’ हे नाव घेतले.

किल्ली सापडली तरी प्रत्येकाने घरी चिमटा घेऊन बसणे शक्य नव्हते. २००८ साली त्यावर जो उपाय निघाला, त्यात ‘द लेजंड ऑफ झेल्डा : ट्वायलाइट प्रिन्सेस’ या खेळातली घोडी उपयोगी पडली. खेळणाऱ्याला तिचे नाव ठेवता येते. काही सुचले नाही तर ती इपोना. खेळ अर्धवट थांबवून साठवला की नावही फाइलीत साठते. फाइल पुन्हा उघडताना नाव ठरल्या लांबीचेच असणार, असे खेळ गृहीत धरतो, मोजून पाहत नाही. हौशी मंडळींनी फाइलीत मुद्दाम भलतेच लांब नाव घातले. पावशेराच्या डब्यात किलोभर साखर ओतली की ती शेजारच्या डब्यात सांडते, तसे ते नाव शेजारच्या स्मृतीत सांडले. ‘इथून पुढे कुठे जायचे’ हा यंत्राचा पत्ता नेमका तिथेच लिहिलेला असतो. सांडलेल्या अक्षरांनी तो बदलला आणि यंत्र निमूटपणे कार्डावरचा परका प्रोग्रॅम चालवू लागले.

या प्रकाराचे आश्चर्य अमेरिकेतल्या मराठी माणसाला सर्वांत कमी वाटते. स्वतःचे नाव, वडिलांचे नाव आणि ‘कर’ने संपणारे आडनाव एवढे सगळे इथल्या अर्जाच्या चौकटीत लिहू गेल्यास काय होते, हे त्याने पहिल्याच आठवड्यात अनुभवलेले असते. एका कार्यालयाने घरच्या कर्त्या पुरुषाचे आडनाव सहाव्या अक्षराला तोडले. दुसऱ्याने वडिलांचे नाव हेच त्याचे नाव मानले आणि वर्षभर सगळी पत्रे आप्पांच्या नावाने एडिसनला आली. त्याने मात्र कोणतेही कुलूप उघडले नाही.

पुढे कंपनीने घोडीची वाट बंद केली. २०१० साली यंत्राची अंतर्गत प्रणाली ४.३ या आवृत्तीला पोहोचली आणि त्यानंतर फारशी हलली नाही. तिच्यासाठी २०११ साली ‘लेटरबॉम्ब’ ही पद्धत आली, आणि एडिसनच्या यंत्रावर तीच वापरली गेली. वीमध्ये निरोपांचा फळा असतो. त्यावर घरच्यांनी एकमेकांना चिठ्ठ्या लिहाव्यात अशी कंपनीची अपेक्षा होती. यंत्राच्या इंटरनेट सेटिंगमध्ये बारा आकडी-अक्षरी ओळख क्रमांक मिळतो. तो देऊन खास त्याच यंत्रासाठी एक पत्र तयार करून घेतात, मेमरी कार्डावर ठेवतात, कार्ड यंत्रात सरकवतात. फळ्यावर लाल पाकीट दिसते, त्यावर बॉम्बचे चित्र. पाकीट उघडले की यंत्र उघडते. घरात मात्र पाकीट दिसेना. दोन तास कार्डे बदलून पाहिल्यावर धाकटीच्या लक्षात आले, की यंत्राच्या घड्याळात अजून २००० साल चालू आहे आणि पत्र पुढच्या तारखेला येऊन पडले आहे. तारीख सुधारताच टपाल पोहोचले.

पाकीट उघडल्यावर पहिल्याच पडद्यावर एक इशारा येतो : हे फुकट आहे, कुणी पैसे घेतले असतील तर तुम्ही फसलात, परत मागा. बटण दाबण्याआधी हा मजकूर थोडा वेळ सक्तीने पाहावा लागतो. गृहनिर्माण संस्थांच्या सर्वसाधारण सभांना हा नियम लागू करण्याजोगा आहे. त्यानंतर ‘होमब्रू चॅनल’ बसते. निळ्या पार्श्वभूमीवर बुडबुडे वर जात राहतात आणि त्यावर उपलब्ध प्रोग्रॅमांची यादी दिसते. रूपांतर म्हणतात ते एवढेच. झाळकाम नाही, पेचकस नाही.

या टप्प्यावर घाई करणारे पुढे रडतात. यंत्राचे सारे सर्वस्व ५१२ एमबीच्या एका चिपमध्ये असते. ती बिघडली की डबा विटेसारखा निपचित पडतो, आणि जाणकारही त्याला वीटच म्हणतात. म्हणून आधी ‘बूटमी’ या प्रोग्रॅमने त्या चिपची पूर्ण प्रत कार्डावर काढायची. इथे रिमोट चालत नाही. यंत्राच्या अंगावरचे पॉवरचे बटण दाबले की खूण पुढच्या चित्रावर सरकते आणि रीसेटचे दाबले की निवड पक्की होते. सूनबाई टीव्हीसमोर फरशीवर बसून हे करत असताना थोरला मागून ‘पॉवर दाबू नकोस, बंद होईल’ असे ओरडत होता. बंद झाले नाही. पडद्यावर चिपचे बारीक हिरवे चौकोन एकेक करून भरत गेले, मधूनमधून एखादा काळा राहिला. असे चौकोन कारखान्यातूनच खराब आलेले असतात, त्याची काळजी करायची नसते.

मग येतो ‘सीआयओएस’. खेळ सुरू झाला की तो तबकडीच्या खणाकडे माहिती मागतो. मध्ये बसून हा भाग ती मागणी यूएसबीकडे वळवतो आणि खेळाला त्याचा पत्ता लागत नाही. पोस्टमनला हाताशी धरून टपाल दुसऱ्या घरी मागवण्यातलाच हा प्रकार. त्यावर ‘यूएसबी लोडर जीएक्स’ हा प्रोग्रॅम ठेवला की खेळांची मुखपृष्ठे कपाटातल्या पुस्तकांसारखी ओळीने दिसू लागतात.

हार्ड डिस्क तयार करणे दिसायला सोपे आणि सर्वांत धोक्याचे. तिला फॅट३२ ही जुनी मांडणी द्यावी लागते, आणि विंडोज आपल्या नेहमीच्या खिडकीतून ३२ जीबीपेक्षा मोठ्या डिस्कला ती देत नाही. त्यासाठी वेगळा छोटा प्रोग्रॅम वापरतात. त्यात डिस्कचे नाव विचारत नाहीत, फक्त अक्षर विचारतात : ई की एफ. एफला हार्ड डिस्क होती. ईला निळा पेनड्राइव्ह होता, ज्यात गुरुजींच्या आवाजातली सत्यनारायणाची कथा, पाच अध्याय आणि आरत्यांसह, आप्पांनी भरून दिली होती. कर्त्या पुरुषाने ई निवडले. ‘सर्व माहिती पुसली जाईल’ असा प्रश्न आला, त्याने होकार दिला, आणि साधुवाण्याची नाव दुसऱ्यांदा बुडाली.

त्यानंतर प्रती काढणे. ‘क्लीनरिप’ हा प्रोग्रॅम वीवरच चालतो आणि खणातली तबकडी अथपासून इतिपर्यंत डिस्कवर उतरवतो. एका तबकडीला अर्ध्या तासाच्या आसपास वेळ लागतो. चरे असतील तर तीच जागा पुन्हा पुन्हा वाचत बसतो. शेवटी उतरलेली प्रत अस्सल प्रतीच्या नोंदीशी ताडून पाहता येते. तबकडीत ४.७ जीबी मावतात, ‘सुपर स्मॅश ब्रदर्स ब्रॉल’सारख्या दोन थरांच्या तबकडीत साडेआठ. पण बऱ्याच तबकड्यांत खरा खेळ थोडासाच असतो. उरलेली जागा निरर्थक आकड्यांनी भरलेली असते, वेफर्सच्या पाकिटात हवा असते तशी. ‘वी स्पोर्ट्स’ची तबकडी हवा काढल्यावर काही शे एमबीवर आली. हवा काढलेल्या या रूपाला डब्ल्यूबीएफएस म्हणतात. फॅट३२ मध्ये एक फाइल ४ जीबीहून मोठी चालत नाही, त्यामुळे तरीही न मावणारा खेळ दोन फाइलींत चिरावा लागतो. संगणकावरचा ‘वी बॅकअप मॅनेजर’ हे सारे स्वतः करतो.

तो नावेही स्वतः ठेवतो, आणि ते बरेच आहे. डिस्कवर डब्ल्यूबीएफएस याच नावाचे दप्तर लागते, त्यात खेळागणिक एक दप्तर, आणि नावापुढे चौकटी कंसात सहा अक्षरांचा क्रमांक. ‘वी स्पोर्ट्स’चा क्रमांक आर, एस, पी, ई, शून्य, एक. आप्पांना तो वाहनाच्या पाटीसारखा वाचता येईल. आर म्हणजे यंत्राचा वर्ग, एसपी म्हणजे खेळ, ई म्हणजे अमेरिका, शून्य-एक म्हणजे निन्टेन्डो. एमएच-१० दिसले की गाडी सांगलीची, तसेच. लंडनच्या आत्याने पाठवलेल्या तबकडीत चौथे अक्षर पी आहे. ती गाडी मूळ यंत्राने नाक्यावरच अडवली असती. थोरल्याने एका दप्तराला हौसेने ‘बाबांचा आवडता’ असे नाव देऊन क्रमांक पुसला. तो खेळ यादीतून नाहीसा झाला.

नेटवरून उतरवलेले खेळ वेगळ्या वाटेने जातात. हौशी मंडळींनी स्वतः लिहून मोकळे सोडलेले पुष्कळ खेळ या यंत्रासाठी मिळतात. ‘डूम’चा पहिला भाग १९९३ पासूनच फुकट वाटायला मोकळा आहे आणि त्याचा मूळ कोड १९९७ साली खुला झाला, त्यामुळे तो वीवरही चालतो. ‘स्कमव्हीएम’ या प्रोग्रॅमवर ‘बिनीथ अ स्टील स्काय’ हा १९९४ चा खेळ चालतो. तोही कंपनीने नंतर फुकट केला. यांच्यासाठी मेमरी कार्डावर ‘ॲप्स’ नावाचे दप्तर करायचे आणि प्रत्येक प्रोग्रॅमचे दप्तर त्यात जसेच्या तसे ठेवायचे. आतल्या मुख्य फाइलीचे नाव ‘बूट’ हेच लागते, दुसरे चालत नाही. दुकानात विकले गेलेले खेळ नेटवर फुकट सापडतात, ती मात्र चोरी आहे. कंपनीने स्वतःचे डाउनलोडचे दुकान २०१९ साली बंद केले, म्हणून ती साव होत नाही. अमेरिकेत १९९८ च्या कायद्याने डिजिटल कुलपे उघडण्यावरच बंधन घातल्यामुळे स्वतःच्या तबकडीची प्रतही वादातीत नाही. एडिसनच्या घराने साऱ्या तबकड्या खोक्यात जपून ठेवून आपल्यापुरता हा वाद मिटवला आहे.

जोडणी शेवटी. यंत्राच्या पाठीला दोन यूएसबी खाचा असतात. हार्ड डिस्क कडेच्या खाचेत लावायची. बारक्या डिस्कला एका खाचेची वीज पुरत नाही, ती टकटक आवाज करते. तेव्हा दोन तोंडांची वायर दोन्ही खाचांत लावतात. टकटक थांबली की झाले.

खेळताना प्रत्येकाचे चित्र करावे लागते, त्याला ‘मी’ म्हणतात. नावाला दहाच अक्षरे मिळतात आणि देवनागरी चालत नाही. आप्पा मावले, आई मावल्या. दोघेही टोपी आणि अंबाड्याशिवाय बोलिंगच्या रांगेत उभे असतात आणि मुले मधूनमधून त्यांच्याकडून खेळून घेतात. या पंधरवड्यात आईंचे १४० गुण झाले आहेत.

श्रावणात पूजा करायची आहे. तरी कथेची प्रत आप्पांच्या संगणकावर असेल ती पुन्हा पाठवावी. मागच्या वेळी फाइलीला गुरुजींचे संपूर्ण नाव, गाव, तिथी आणि ‘अंतिम प्रत नवीन’ असे सगळे लिहिले होते. या वेळी ‘कथा’ एवढेच ठेवावे.

बाकी सर्व क्षेम. कळावे.