भेटीची सफरचंदं

सफरचंद स्वतःच्या पैशानं विकत घेऊन स्वतःच खाणारा धडधाकट माणूस मी भंडाऱ्यात अजून पाहिलेला नाही. पेरू खातात, सीताफळं खातात, थंडी पडू लागली की तलावातले शिंगाडे उकडून टोपलीभर फस्त करतात. सफरचंद मात्र घ्यायचं ते दुसऱ्यासाठी, आणि तो दुसरा आडवा झालेला असावा लागतो. साक्षगंधाच्या ताटात, गणपतीपुढच्या पाच फळांत त्याला जागा असते, पण तिथं त्याचं काम नुसतं लाल दिसण्याचं. खरा मान दवाखान्यात. फळवालासुद्धा "पेशंटसाठी ना?" असं दुःखी चेहऱ्यानं विचारतो आणि भावात एक रुपया सोडत नाही.

ऑक्टोबरात काकांचं हर्नियाचं ऑपरेशन झालं. काका निवृत्त शिक्षक. जिल्ह्यात तालुके सात आणि काकांच्या बदल्या त्या सातांतही झालेल्या. त्यामुळे माजी विद्यार्थी, माजी हेडमास्तर, माजी घरमालक असा सगळा इतिहास घरी लोटला. तुमसरचे आले, पवनीचे आले, लाखांदूरचे तर कापणीला आलेला धान सोडून आले. "कसं काय गुरुजी" म्हणायच्या आधी हातातली पिशवी पुढे व्हायची. ती कोणी उघडून बघत नसे. बघायचं काय? आत काय आहे ते साऱ्या जिल्ह्याला ठाऊक.

काकूंनी आल्या पिशव्या कपाटावर रचल्या आणि व्यवहार सुरू केला. गल्लीत एकाला डेंग्यू झाला, एक पिशवी तिकडे. साकोलीच्या आत्याचा पाय मोडला, जाणाऱ्या माणसासोबत दोन पिशव्या तिकडे. सफरचंद आमच्याकडे नोटांसारखं चालतं: आलेलं खर्च करायचं, खायचं नसतं. मग एके दिवशी लाखनीचे एक पाहुणे पिशवी घेऊन आले आणि काकू पिशवीच्या गाठीकडे बघत राहिल्या. गाठ त्यांची होती. काकूंनी मारलेली गाठ सुटत नाही, कापावी लागते, आणि ही कोणी कापली नव्हती. भंडाऱ्याहून निघून दोन-तीन आजार बघून पिशवी सुखरूप घरी परतली होती. काकूंनी चहा दिला, पाहुणे गेल्यावर तीच पिशवी परत कपाटावर ठेवली आणि म्हणाल्या, "बाप्पा, हे तं रिटायर झाल्यावानी परत आलं."

चलन वाढलं की त्याची किंमत पडते. कपाट भरलं, फ्रिज भरला, आणि ज्यांच्या नावानं हे सारं जमा झालं होतं त्या काकांनी जाहीर केलं की आता सफरचंद समोर आणलं तर टाके तुटतील इतक्या जोरानं ओरडेन. त्यांना पाटोडी हवी होती, तर्रीदार रश्श्यातली. डॉक्टरांनी दिलेल्या कागदावर पाटोडी नव्हती.

अशा पेचात माझा भाचा व्हिडिओ कॉलवर आला. तो नॉटिंगहॅमला नोकरी करतो. त्यानं मागचं कपाट बघितलं आणि म्हणाला, "मामा, अ‍ॅपल क्रम्बल करा ना! खाली सफरचंदाच्या फोडी, वर पिठा-लोण्याचा चुरा, आणि भाजायचं. अगदी सोपं आहे." परदेशात गेलेली पोरं इथल्या स्वयंपाकघराविषयी इतकी आशावादी असतात की त्यांना मोडता घालवत नाही. त्याचा पहिलाच प्रश्न: "सफरचंदं आंबट आहेत ना?"

आंबट सफरचंद म्हणजे आमच्याकडे फळवाल्याशी भांडणाचं कारण. पण विलायतेत ते मुद्दाम पिकवतात, निव्वळ शिजवण्यासाठी. ब्रॅम्ली त्याचं नाव. भाच्याच्या गावाजवळच साउथवेल म्हणून गाव आहे. तिथं १८०९ साली मेरी अ‍ॅन ब्रेल्सफर्ड नावाच्या मुलीनं बी लावली आणि त्यातून हे झाड आलं. पुढं घर विकलं गेलं, ते ब्रॅम्ली नावाच्या खाटकानं घेतलं. एका रोपवाटिकेवाल्यानं कलमं मागितली तेव्हा ब्रॅम्ली म्हणाला, न्या, पण नाव माझं पाहिजे. झाड पोरीनं लावलं, सातबारा दुसऱ्याचा! हे ऐकल्यावर काकूंना विलायत एकदम ओळखीची वाटू लागली. त्यांच्या माहेरच्या बांधावरच्या आंब्याचं प्रकरण त्यांनी आम्हाला पुन्हा पहिल्यापासून सांगितलं. ते इथं देत नाही, कारण त्यातले दोन पक्षकार अजून हयात आहेत.

आपल्याकडचं सफरचंद गोड का, याचीही एक गोष्ट आहे. कुलूच्या खोऱ्यात इंग्रजांनी १८७० च्या सुमारास बागा लावल्या त्या आपल्या घरच्या आंबटसर जातींच्या. आपल्या लोकांना त्या काही रुचल्या नाहीत. मग आला सॅम्युएल स्टोक्स, फिलाडेल्फियाच्या श्रीमंत घरातला पोरगा. १९०४ मध्ये कुष्ठरोग्यांच्या सेवेसाठी आला, सिमल्याच्या वरच्या अंगाला कोटगढला राहिला, तिथल्याच मुलीशी लग्न केलं, आणि १९१६ मध्ये अमेरिकेतून रेड डिलिशसची रोपं मागवली. असहकाराच्या चळवळीत तुरुंगात गेला, १९३२ मध्ये हिंदू होऊन सत्यानंद झाला. पहाडातल्या शेतकऱ्याच्या हाती पैसा यावा म्हणून त्यानं जे लाल, गोड फळ लावलं, तेच आज नागपूरच्या कळमना बाजारातून उतरून आमच्या काकांच्या कपाटावर येऊन बसलं. भला माणूस. पण क्रम्बलच्या दृष्टीनं त्यानं पंचाईत करून ठेवली. ब्रॅम्ली शिजलं की आंबट, मऊ लगदा होतो. आपलं फळ नुसतंच गोड, आणि आठवडाभर कपाटावर राहिलं की पिठूळ.

"लिंबू पिळा," भाचा म्हणाला. यावर घरात कोणाचंच दुमत नव्हतं.

आता वरचा थर. दोन भाग पीठ, एक भाग लोणी, एक भाग साखर. लोणी फ्रिजमधून काढलेलं, दगडासारखं थंड हवं. ते बोटांच्या टोकांनी पिठात चोळायचं, तळहात लावायचा नाही, नाहीतर ते वितळून पिठाचा गोळा होतो. जाड रव्याइतके कण झाले की थांबायचं. लोणी पिठाच्या कणांभोवती बसतं, त्यांना पाणी लागू देत नाही, म्हणून भाजल्यावर थर चिवट न होता खुसखुशीत होतो. हे थंड प्रदेशाचं शास्त्र. आमच्याकडे ऑक्टोबरच्या दुपारी लोणी फ्रिजपासून ओट्यापर्यंत पोचता पोचता तूप व्हायच्या विचारात असतं. मे महिन्यात हा पदार्थ भंडाऱ्यात करायचा तर पहाटे चारला, गच्चीवर.

काकू परातीकडे बघत होत्या. "एवढं लोनी? कोनाचं लग्न हाय का?"

इथं भाच्यानं तिकडून दुसरं महायुद्ध काढलं. तिकडं असं मानतात की क्रम्बल रुळलं ते त्या काळच्या टंचाईत. जानेवारी १९४० मध्ये लोणी, साखर रेशनवर गेली आणि रेशन पुरतं उठलं ते १९५४ मध्ये. माणशी आठवड्याला लोणी दोन औंस, म्हणजे सत्तावन्न ग्रॅमच्या आसपास. पायसाठी पीठ मळून, लाटून, खाली-वर पारी करायची तर ते परवडेना. मग असेल तेवढं पीठ आणि असेल ते चरबट चोळून नुसतं वरून भुरभुरायचं.

काकूंचा चेहरा बदलला. इतका वेळ त्या एका उधळ्या पोराचे लाड बघत होत्या. आता समोर एक काटकसरी बाई उभी राहिली, कुठल्यातरी इंग्रज चाळीतली, हातात रेशनकार्ड घेतलेली. काकूंनी बहात्तरच्या दुष्काळात रेशनच्या दुकानापुढं उभं राहून लाल मिलो आणली आहे, तिच्या भाकरी थापल्या आहेत. "हाव, मंग असं सांग नं," त्या म्हणाल्या आणि परात माझ्यापुढून ओढून घेतली. त्यानंतर मी फक्त सफरचंदं सोलली.

काकूंनी पहिल्यांदा लोणी निम्मं केलं. मैदा घरात नव्हता, म्हणून अर्धी कणीक आणि अर्धी तांदळाची पिठी. तांदळाच्या पिठाला कणकेसारखी चिवटाई नसतेच, त्यामुळे लोण्याचं अर्धं काम आपोआप झालं. धानाच्या जिल्ह्यात जन्माला आल्याचा एवढा तरी उपयोग. भाचा ओट्स म्हणत होता, त्याजागी जाड पोहे भाजून चुरले. साखरेच्या जागी गूळ किसला. दालचिनी तेवढी मूळ पाककृतीतली राहिली, कारण ती काकांच्या काढ्यासाठी आणलेली होतीच.

भाजायचं कशात? काकूंनी माळ्यावरून सासूबाईंचा पितळी गंज काढला. भंडाऱ्यात पितळ घरोघरी. एके काळी इथली भांडी दूरदूर जात. पण गंजाची कल्हई उडालेली आणि आत लिंबू पिळलेली फोड जायची. आंबट पितळेला लागलं की कळकतं. कथील आणि नवसागर घेऊन गल्लीत ओरडत येणारा कल्हईवाला बरेच दिवसांत फिरकला नव्हता. पितळेच्या गावात शेवटी डबा वापरला तो अ‍ॅल्युमिनियमचा.

ओव्हन नव्हतंच. कुकरची शिटी आणि रिंग काढायची, तळाशी रेतीचा थर द्यायचा, वर डबा ठेवायचा, ही युक्ती सर्वांना माहीत होती. अडलं ते रेतीपाशी. वैनगंगेची रेती ट्रकच्या ट्रक भरून रात्रीबेरात्री नागपूरकडे जाते, असं आम्ही जन्मभर ऐकतो. घरात वाटीभर सापडेना. समोर एका घराचं काम चालू होतं. तिथं मागायला गेलो तर मालकानं माझ्या हातातल्या वाटीकडे बघून "रॉयल्टीची पावती हाय का?" असं विचारलं. गमतीतच असावं. शेवटी काकूंनी मिठाची पिशवी कुकरात उपडी केली.

विलायतेत एकशे ऐंशी अंशांवर चाळीस मिनिटं. आमच्याकडे काकूंच्या नाकावर. रोडगे गोवऱ्यांत भाजणाऱ्या, पळसाच्या पानात पानगे लावणाऱ्या बाईला अंश सांगायचे नसतात. मध्येच त्यांनी डाव्या हातानं गॅस बारीक केला, मध्येच मोठा केला, आणि कडेनं रस बुडबुडायला लागला तेव्हा आम्ही कोणी म्हणायच्या आधी बंद केला. वरून भाजलेल्या पोह्यांचा, खालून गुळाचा वास सुटला. मग शेजारच्या दोघी "गुरुजींना बघायला" आल्या. गुरुजी आतल्या खोलीत होते. त्या स्वयंपाकघरात आल्या.

सोबत कस्टर्ड हवं, हा भाच्याचा आग्रह मात्र कोणी मोडला नाही. कस्टर्ड पावडर आमच्या घरची जुनी रहिवासी. लग्नाच्या पंगतीतल्या फ्रूट सॅलडनं ती कधीच आपलीशी केली आहे. ही पावडर १८३७ मध्ये बर्मिंगहॅमच्या आल्फ्रेड बर्डनं काढली, कारण त्याच्या बायकोला अंडं सोसत नव्हतं आणि कस्टर्ड तर आवडायचं. बायकोला अंडं चालत नाही म्हटल्यावर आमच्याकडचा नवरा चौकातल्या गाडीवर जाऊन एकटा ऑम्लेट खातो. बर्डनं संशोधन केलं. हे मी सांगितल्यावर शेजारच्या दोघींनी एकमेकींकडे पाहिलं. त्या संध्याकाळी त्यांच्या घरी काय बोलणं झालं ते मला माहीत नाही.

काकांना वाटी दिली. हे सफरचंद आहे असं कोणी सांगितलं नाही. त्यांनी चमचा घातला, वरचा थर खाल्ला, खालचा खाल्ला, वाटी पुसली आणि म्हणाले, "भल्लं झालं. पेशंटले हे काहून देत नाही?"

कपाट दोन दिवसांत रिकामं झालं. एका बाबतीत मात्र काकूंना स्वस्थ बसवेना: भाचा तिकडे अजून साखर घालत होता. रविवारी त्यांनीच त्याला फोन लावायला लावला. "साखर कायले? गूळ टाक. अन् ते तुहे ओट ठेव घोड्यायले, पोहे घे."

पोरगं गुणी. नॉटिंगहॅमहून लेस्टरला, आपल्या दुकानांच्या गल्लीत गेलं, पोहे आणले, गूळ आणला आणि कॅमेऱ्यासमोर धरला. काकूंनी चष्मा लावला. "पिवळाच हाय. मसाला मारला हाय त्याले. काळा पाहा."

"काळा इथं नाही मिळत, आजी. बर्मिंगहॅमला मिळेल कदाचित."

"मंग?"

"लांब आहे. ऐंशी किलोमीटर."

"म्हंजे गोंदियाएवढं," काकू म्हणाल्या. "ते तं पयले आपल्या जिल्ह्यातच होतं. जा, घेऊन ये."