पॅरिस–रुबे, व्हाया पोलादपूर

उत्तर फ्रान्समधल्या माणसांना खराब रस्त्याची किंमत कळते. 1896 पासून तिथे पॅरिस–रुबे ही एका दिवसाची सायकल शर्यत होते. अंतर साधारण 260 किलोमीटर, त्यातले पन्नास-पंचावन्न जुन्या ओबडधोबड दगडी फरसबंदीवरून. जगातले नामांकित व्यावसायिक सायकलपटू तिथे आपटतात, चिखलात लोळतात आणि पहिला येणाऱ्याला बक्षीस म्हणून त्याच रस्त्याचा एक दगड मिळतो. मध्यंतरी आपल्या गावचे रस्ते असे टीव्हीवर दिसतात याची काही महापौरांना लाज वाटली आणि त्यांनी त्यावर डांबर ओतलं. तेव्हा रसिकांनी उरलेले दगड वाचवायला चक्क संस्था काढली. लाज वाटून रस्ता करणारे लोकप्रतिनिधी ही कल्पनाच इकडे जरा परदेशी वाटते.

फ्रेंचांनी जे संस्था काढून टिकवलं, ते रायगड जिल्ह्यात विनासायास टिकलं. मुंबई–गोवा महामार्गाच्या पळस्पे–इंदापूर या 84 किलोमीटरच्या टप्प्याचं चौपदरीकरण 2011 मध्ये सुरू झालं. त्या वर्षी पहिलीत गेलेली पोरं आता कॉलेज संपवून मुंबईत नोकरी शोधतात, ती याच रस्त्याने. मधल्या पावसाळ्यांत खड्ड्यांत पेव्हर ब्लॉक बसवले गेले. रुबेचे दगड मात्र जागचे हलत नाहीत. आपले ब्लॉक ट्रकच्या चाकाखालून निघून पुढच्या गाडीच्या स्वागताला येतात. खेळाच्या दृष्टीने ही प्रगतीच म्हणायची.

मग महाड-पोलादपूरकरांनी व्यावसायिक शर्यत का मागू नये?

मागण्याला आधार आहे. 19 ते 23 जानेवारी 2026 या पाच दिवसांत पुणे ग्रँड टूर झाली. यूसीआय या जागतिक संघटनेच्या यादीतली शर्यत, एकूण 437 किलोमीटर. पाहुणे यायच्या आधीच पुण्यातले रस्ते गुळगुळीत झाले. वर्षानुवर्षं कर भरून, अर्ज देऊन, खड्ड्यात झाडं लावून पुणेकरांना जे जमलं नाही, ते परदेशी सायकलस्वाराने विमानात बसण्यापूर्वीच करून दाखवलं. शर्यत भोर तालुक्यातही फिरली. तिथून वरंध घाट उतरला की महाडच. पण शर्यत घाट उतरली नाही आणि डांबरही तिच्यासोबत माघारी वळलं.

मार्ग तर आयता तयार आहे. पनवेलहून निघायचं, महाडपर्यंत सव्वाशे किलोमीटर. महाड–पोलादपूरचा पट्टा आता बराचसा सिमेंटचा झालाय हे प्रामाणिकपणे मान्य करायला हवं. शर्यतीतली मजा तेवढी कमी होईल. पोलादपूरला डावीकडे वळलं की आंबेनळी घाट. साधारण चाळीस किलोमीटरमध्ये तेराशे मीटरची चढण, वाटेत प्रतापगडाचा फाटा, शेवट महाबळेश्वरला. इटलीतल्या मिलान–सान रेमो शर्यतीत पोज्जो नावाची जेमतेम पावणेचार किलोमीटरची चढण आहे. तेवढ्या चढणीवर तिकडचे पत्रकार 1960 पासून रकानेच्या रकाने लिहितात. एसटीचा ड्रायव्हर आंबेनळी रोज चढवतो, समोरून ट्रक आला की वळणावर मागेही घेतो. त्याच्यावर एक चौकट आलेली नाही. मुंबई–पुणे शर्यतीत बोरघाट पहिला चढणाऱ्याला ‘घाटाचा राजा’ म्हणतात. पोलादपूर स्थानकात असे राजे खाकी कपड्यांत चहा पीत बसलेले असतात.

स्थानिक सोयीही जागतिक दर्जाच्या आहेत. 2024 मध्ये रुबेच्या आयोजकांनी अरेनबर्गच्या जंगलातल्या फरसबंदीवरचं गवत काढायला शेळ्या आणल्या, त्याची बातमी जगभर झाली. महाड तालुक्यातल्या शेळ्या हे काम विनाप्रसिद्धी करतात, आणि रस्ता ओलांडण्याचा हक्कही सोडत नाहीत.

वेळेत काम होतच नाही असंही नाही. 2 ऑगस्ट 2016 च्या रात्री महाडजवळ सावित्रीवरचा ब्रिटिशकालीन पूल पुरात कोसळला. एसटीच्या दोन गाड्या प्रवाशांसह वाहून गेल्या. त्यानंतर नवा पूल जून 2017 मध्ये खुला झाला, वर्षाच्या आत. म्हणजे यंत्रणेला घाई करता येते. तिला घाई करण्यासाठी माणसं बुडण्यापेक्षा सायकली पळवणं नक्कीच स्वस्त.

प्रश्न उरतो तारखेचा. यूसीआय म्हणेल जानेवारी, हवा थंड, पाऊस नाही. चाकरमानी म्हणेल श्रावणाची अखेर. दरवर्षी गणपतीआधी खड्डे भरण्याची मुदत जाहीर होते आणि गणपती आधी येतात. शर्यत चतुर्थीच्या बरोबर आठ दिवस आधी ठेवली, तर परदेशी पाहुण्यासाठी पडलेल्या डांबरावरून निदान एकदा बाप्पा आणि बायकापोरं सुखरूप पोचतील. डांबर तिथून शिमग्यापर्यंत टिकेल याची हमी कोणीच देत नाही, तेव्हा अर्जात फाल्गुनातली दुसरी शर्यतही आत्ताच लिहून टाकलेली बरी.