विलंब माफ होऊन मिळावा?

श्री. जाबदार यांस,
मु. पो. रेडी, ता. वेंगुर्ला
(पत्ता समन्ससाठी अपुरा, गणपतीच्या आरतीसाठी पुरेसा)

स. न. वि. वि.

तुम्ही कोर्टात हजर झालात हे कळलं आणि वाडीत एकच बोलणं सुरू झालं, ‘गावलो मरे एकदाचो!’ रेडीत हरवलेलं सापडतं, याचा अनुभव जुना आहे. 1976 साली इथल्या लोहखनिजाच्या खाणीत द्विभुज गणपती सापडला. तो बिचारा मातीखाली गाडलेला होता. तुम्ही जमिनीवर, तेही मोटारसायकलवर, आणि तरी दोन वर्षं कोर्टाला दिसला नाहीत.

पहिलं समन्स आलं तेव्हा तुम्ही म्हणे गोव्यात. तेरेखोल ओलांडली की माणूस अदृश्य होतो, हे आम्हांला नवीनच. मग रजिस्टर पाकीट आलं, त्यावर पोस्टमनचा शेरा ‘घेण्यास नकार’. शेवटी हवालदाराने दारावर कागद चिकटवला, तेव्हा साक्षीला मीच उभा होतो. त्याच रात्री जत्रेत दशावताराला तुम्ही पुढच्या रांगेत होतात. राक्षस रंगमंचावर आला तेव्हाची शिट्टी तुमचीच. परत येईपर्यंत दारावरचा कागद मांजराने नेला असावा.

बायको मात्र गावातल्याच माहेरून, पोराला घेऊन, दर तारखेला एसटीने शिरोडा, आरवली, मोचेमाड करत वेंगुर्ल्याला जात राहिली. तुमच्या नावाचा पुकारा व्हायचा, ओ कुणी द्यायचं नाही. शेवटी एकतर्फी आदेश होऊन पोटगी मंजूर झाली. तरी तुमची झोप शाबूत! जाग आली ती वसुलीच्या वॉरंटने. थकलेल्या दर महिन्यापोटी एक महिन्यापर्यंत कैद होऊ शकते हे कळलं आणि तुम्हांला कायद्याची एकदम गोडी लागली. अर्जात लिहिलंत, ‘सदर आदेशाची मला माहितीच नव्हती, सबब विलंब माफ होऊन मिळावा.’ सोबत कंबरदुखीचा दाखला. बरोबर आहे, शिट्टीला कंबर लागत नाही.

पण कायदा तुमच्याइतका विसराळू नाही. समन्स जाणूनबुजून टाळणाऱ्याविरुद्ध एकतर्फी सुनावणी करता येते, आणि तो आदेश रद्द करून घ्यायला सबळ कारणासह तीन महिन्यांत यावं लागतं. पूर्वी फौजदारी प्रक्रिया संहितेत हे कलम 126 होतं, 1 जुलै 2024 पासून नव्या संहितेत 145 झालं. आकडा बदलला, मुदत नाही. घटस्फोटाच्या एकतर्फी हुकूमनाम्याला तर 30च दिवस. समन्स नीट बजावलं नसेल तर ते दिवस हुकूमनाम्याची माहिती झाल्यापासून मोजतात, आणि या ‘माहिती झाल्यापासून’वरच तुमच्यासारख्यांची सगळी मदार. परिमल विरुद्ध वीणा या खटल्यात 1989 च्या एकतर्फी घटस्फोटाविरुद्ध 1993 मध्ये अर्ज आला. 2011 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो टिकू दिला नाही, कारण समन्स आणि रजिस्टर टपाल नाकारल्याची नोंद होती. तिथे उशिरा आलेली बायको होती, म्हणजे कायदा पुरुषांवर डूख धरून आहे अशी ओरड करू नका.

खरं तर विलंबमाफीचा दरवाजा ठेवला आहे तो महिनोन्महिने दर्यावर असणाऱ्या खलाशासाठी. किंवा त्या बाईसाठी, जिचा नवरा चुकीचा पत्ता देऊन गुपचूप घटस्फोट घेतो. तिचं ‘माहिती नव्हती’ खरं असतं. तुमचं ऐकून ऐकून, तिचं ऐकतानाही कपाळावर आठी पडते. मला तुमचा राग आहे तो यासाठीच.

आणखी एक. 4 नोव्हेंबर 2020 च्या रजनेश विरुद्ध नेहा निकालाने (ते प्रकरण नागपूरच्या कौटुंबिक न्यायालयातून सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलेलं) पोटगी अर्जाच्या तारखेपासून द्यायची, असं ठरलं. म्हणजे तुम्ही लपलात ते दिवसही हिशेबात आले. आणि समजा तुमचा आदेश रद्द झालाच, तरी समोरच्या पक्षाला खर्च देण्याची अट घालता येते, हेही 145 मध्येच आहे. त्यात तिचं एसटीचं भाडं धरा. पोराचं अर्धं तिकीटही.

पुढची तारीख वकिलाकडून लिहून घ्या. यायला जमणार नसेल तर थकबाकी तरी पाठवा. ती घेताना कुणी ‘नकार’ लिहिणार नाही.

आपला शेजारी,
दारावरच्या कागदाचा साक्षीदार