धायरी फाट्यावरच्या चांदणीस अनावृत पत्र

प्रति,
सौ. चांदणीबाई,
मु. आकड्याच्या उजव्या खांद्यावर,
मोठं होर्डिंग, धायरी फाटा, पुणे ४११०४१.

सा. न. वि. वि.

आपली आमची भेट रोजचीच. सिंहगड रस्त्यावरून धायरीकडे वळायला गाडी इतका वेळ थांबते, की समोरचं होर्डिंग शाळेतल्या प्रतिज्ञेसारखं पाठ होतं. ‘२ बीएचके फक्त ७५ लाख’, आणि लगेच आपण. खाली ‘हप्ता फक्त ४६,१३५’, आणि पुन्हा आपण. मध्ये पांढऱ्या सोफ्यावर बसलेलं, कधीही भांडी न घासलेलं असं एक हसरं कुटुंब. आणि अगदी तळाशी, दुचाकीवरून वाचता येऊ नयेत इतक्या काळजीने बारीक केलेल्या अक्षरांत आपलं माहेर: ‘अटी व शर्ती लागू’.

येणारे-जाणारे आकड्याकडे बघतात. आम्ही आपल्याकडे बघतो, कारण आकडा बोलतो ७५ लाख आणि उरलेले एक कोटी पंधरा लाख आपण पोटात घालून शांत बसलेल्या असता. एवढा संयम आमच्या सोसायटीच्या वार्षिक सभेत कुणाकडे नाही.

हिशेब मांडतो. आपल्याला तो पाठ असणारच; पण हे पत्र इतरही वाचतील.

७५ लाख ही करारनाम्यातली किंमत. इमारत अजून उभी राहत असेल तर त्यावर ५ टक्के जीएसटी, म्हणजे ३ लाख ७५ हजार. मुद्रांक शुल्क पुण्यात सगळं धरून ७ टक्के: ५ लाख २५ हजार. नोंदणीचे ३० हजार. त्या ७ टक्क्यांत १ टक्का मेट्रोचा अधिभार आहे, १ एप्रिल २०२२ पासून. खडकवासला ते खराडी मार्गाला केंद्राची मंजुरी मिळाली नोव्हेंबर २०२५ मध्ये. मेट्रो यायची तेव्हा येईल. तिकिटाचे पैसे धायरीकरांनी दस्तातच भरून ठेवले आहेत.

बँक ८० टक्के देते, म्हणजे ६० लाख. मुद्रांक आणि नोंदणी ती किमतीत धरत नाही. तेव्हा वरचे १५ लाख आणि हे ९ लाख ३० हजार मिळून २४ लाख ३० हजार आधी घरातून निघतात. वडिलांची एफडी मोडते, पीएफमधून उचल होते, आईच्या पाटल्या बँकेत जातात त्या दुसऱ्याच खात्यावर, सोनेतारणाच्या. पुढे बिल्डरच्या ऑफिसात एक छापील कागद मिळतो: एमएसईबी चार्जेस, लीगल चार्जेस, सोसायटी फॉर्मेशन, दोन वर्षांचा आगाऊ मेंटेनन्स. तो कागद पहिल्या भेटीत कधीच सापडत नाही, प्रिंटर बंद असतो.

आता कर्ज. ६० लाख, साडेआठ टक्के, २० वर्षं. हप्ता ५२,०६९. चांदणीबाई, आपण ज्या ४६,१३५ च्या खांद्यावर बसला आहात तो आकडा २० वर्षांचा नाहीच, तो ३० वर्षांचा आहे. महिना ५,९३४ रुपये कमी भरायचे, घरात आनंदीआनंद, आईस्क्रीम वगैरे. आणि या सवलतीची किंमत? २० वर्षांत बँकेला एकूण जातात १ कोटी २४ लाख ९७ हजार; ३० वर्षांत जातात १ कोटी ६६ लाख ९ हजार. फरक ४१ लाख १२ हजारांचा. धायरीत एवढ्यात अजून एक छोटा फ्लॅट बघायला तरी जाता येतं. बघायलाच, तिथेही आपण असालच.

म्हणजे ३० वर्षांच्या हिशेबाने घराची किंमत, वरचा खर्च आणि १ कोटी ६ लाखांचं व्याज मिळून १ कोटी ९० लाख. हा आकडा होर्डिंगवर मावला नसता असं नाही. सोफा जरा सरकवावा लागला असता.

लोकांचा दुसरा गोड समज असा की हप्ता भरला की कर्ज फिटायला लागतं. पहिल्या महिन्याच्या ५२,०६९ पैकी ४२,५०० व्याजाचे. मुद्दलाला मिळाले ९,५६९. पहिली पंगत व्याजाची, मुद्दलाने ताटं उचलायला थांबायचं. वर्षभर इमानेइतबारे सव्वासहा लाख भरावेत आणि वर्षाअखेरीच्या स्टेटमेंटवर कर्ज कमी झालेलं दिसावं १ लाख १९ हजारांनी. निम्मं मुद्दल फिटायला किती काळ लागतो हा प्रश्न आमच्या कट्ट्यावर विचारला तर सगळे म्हणतात दहा वर्षं. लागतात जवळजवळ चौदा. यात लबाडी काही नाही हो, शिल्लक रकमेवर व्याज लावलं की गणित असंच येतं. फक्त ते सही घेताना कुणी सांगत नाही, आणि रिपेमेंट शेड्यूल नावाचा कागद ‘मेल केलाय सर’ या सदरात जातो.

आपली एक धाकटी बहीण सँक्शन लेटरवर राहते. ‘कर्ज संरक्षण विमा’. विमा वाईट नाही. मिळवता माणूस गेला तर कर्ज घरच्यांच्या गळ्यात पडू नये हे बरोबरच आहे. पण त्याचा दोन लाखांचा एकरकमी हप्ता ‘कर्जातच घालू या सर, तुम्हाला जाणवणार नाही’ असं म्हणून घातला, की त्या दोन लाखांचे वीस वर्षांत ४ लाख १६ हजार होतात. जाणवत नाही हे मात्र खरं.

पण आपल्या घराण्यातली सगळ्यात कर्तबगार चांदणी व्याजदरावर बसते: ‘फ्लोटिंग’. तिचा पराक्रम आम्ही २०२२ साली पाहिला. त्याआधी मे २०२० पासून रिझर्व्ह बँकेचा रेपो दर ४ टक्के होता आणि घरकर्ज पावणेसात टक्क्यांच्या आसपास मिळत होतं. समजा कुणी २०२१ मध्ये ६० लाख २० वर्षांसाठी घेतले. हप्ता ४५,६२२. मग ४ मे २०२२ रोजी रेपो ४.४० झाला, आणि फेब्रुवारी २०२३ पर्यंत चढत चढत साडेसहावर गेला. अडीच टक्क्यांची वाढ. ऑक्टोबर २०१९ नंतरची बँकांची फ्लोटिंग घरकर्जं थेट बाहेरच्या दराला बांधलेली, त्यामुळे ही वाढ लगेच पोचली. बँकांनी गिऱ्हाइकाला त्रास नको म्हणून बहुतेक ठिकाणी काय केलं? हप्ता तोच ठेवला, मुदत लांबवली.

किती, ते पाहा. वीसेक हप्ते भरून शिल्लक साडेसत्तावन्न लाख. त्यावर सव्वानऊ टक्क्यांनी महिन्याचं व्याजच ४४,३१८. हप्ता ४५,६२२. मुद्दलाच्या वाट्याला १,३०४ रुपये. एवढ्यात धायरीत चौघांची मिसळही धड होत नाही, रस्सा दोनदा मागितला तर. उरलेले हप्ते होते २२०, ते झाले ४६३. साडेअडतीस वर्षं. पस्तिसाव्या वर्षी कर्ज घेतलेला माणूस पंचाहत्तरीला मोकळा होणार. बँकेलाही हे जरा अतीच वाटलं, म्हणून निवृत्तीच्या वयाशी मुदत अडली की हप्ताही वाढवला गेला. ज्यांचं वय अडलं नाही ते निवांत राहिले, कारण खात्यातून जाणारी रक्कम बदलली नव्हती आणि मोबाइलवर आलेला मेसेज क्रेडिट कार्डाच्या जाहिरातीखाली गेला.

अखेर ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने सांगितलं की दर बदलला की कर्जदाराला विचारा: हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची, की थोडं थोडं दोन्ही. किती हप्ते उरले ते दर तिमाहीला कळवा. आपल्याला दुःख झालं असेल.

इतिहासाचा थोडा विषय काढतो, रागावू नका. याच पुणे जिल्ह्यात, सुप्याला, १२ मे १८७५ रोजी कुळांनी सावकारांच्या घरांवर चालून जाऊन कर्जाची खतं जाळली. मग १८७९ साली दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कायदा आला. त्याच्याही आधीपासून हिंदू कायद्यात दामदुप्पट होती: थकलेलं व्याज एका वेळी मुद्दलापेक्षा जास्त मागायचं नाही. आमच्या तीस वर्षांच्या कर्जात ६० लाखांवर १ कोटी ६ लाख व्याज जातं, पण दामदुप्पट इथे लागू पडायची नाही, कारण आम्ही व्याज थकवतच नाही. ते दर महिन्याच्या ५ तारखेला आपोआप जातं. सुप्याच्या अनेक कुळांना खत वाचता येत नव्हतं आणि अंगठा उठवावा लागत होता. आम्ही पदवीधर, आमच्या करारनाम्याच्या प्रत्येक पानावर झोकदार सही असते.

आता आपल्या बाजूनेही बोलायला हवं, नाहीतर आपण म्हणाल धायरीचे लोक एकांगी. महागाई ६ टक्के धरली तर विसाव्या वर्षीचे ५२ हजार म्हणजे आजचे सोळा हजार. पगार तोवर वाढतो, हप्ता हलका होतो. आमच्या मजल्यावरचे एक काका १९९८ चा हप्ता सांगतात तेव्हा पोरं हसतात. हा युक्तिवाद खरा आहे आणि मी तो मान्य करतो. स्वतःच्या भिंतीला खिळा ठोकायला घरमालकाला विचारावं लागत नाही, याचीही काही किंमत आहे. पण ‘भाडं म्हणजे पाण्यात पैसे’ हे वाक्य एजंटाने आता बंद करावं. इथे २ बीएचकेचं भाडं वीस हजारांच्या आतबाहेर. आणि कर्जाच्या पहिल्या वर्षाचं नुसतं व्याज ५ लाख ५ हजार, महिना बेचाळीस हजार. ते कोणत्या पाण्यात जातं?

करसवलतीचं म्हणाल, तर जुन्या पद्धतीत त्या ५ लाखांपैकी २ लाखच वजा होतात, आणि ही मर्यादा २०१४ पासून तसूभर हललेली नाही. नव्या पद्धतीत स्वतः राहत्या घराच्या व्याजाला काहीच नाही. तरी ‘टॅक्स वाचतो’ म्हणून घर घेणारे भेटतातच. शंभर रुपये देऊन वीस वाचवणाऱ्यांना आमचा दंडवत.

पाण्यावरून आठवलं. खडकवासला धरण आमच्या उशाशी आणि टँकर आमच्या दाराशी. धायरीचा उरलेला भाग २०१७ मध्ये महापालिकेत गेला, पाणी मागून येतंय. जानेवारी २०२५ मध्ये नांदेड, किरकटवाडी, धायरी या पट्ट्यात जीबीएस या मज्जातंतूंच्या आजाराची साथ आली तेव्हा विहिरीच्या आणि टँकरच्या पाण्याकडे बोट दाखवलं गेलं, आणि रातोरात घरोघरी फिल्टर आले. टँकर, फिल्टर, मेंटेनन्स, मिळकतकर, दहा वर्षांनी लिफ्ट आणि रंगकाम: हे कुठल्याच हप्त्यात नसतं. आपण तेवढ्या जागेत तरी काय काय मावून घेणार म्हणा.

तेव्हा मुद्द्याची विनंती. १ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक नव्या किरकोळ कर्जासोबत मुख्य माहितीचं एक पत्रक देणं बँकांना बंधनकारक आहे: एकूण व्याज, सगळे चार्जेस, ते धरून येणारा वार्षिक दर, हप्त्यांचा तक्ता. तेही कर्जदाराला समजेल अशा भाषेत. धायरीत ती भाषा मराठी आहे, तेव्हा आम्ही मराठीतच मागणार आणि सही त्यानंतर करणार. फ्लोटिंग घरकर्ज मुदतीआधी फेडणाऱ्या व्यक्तीला बँक दंड लावू शकत नाही, हेही २०१२ पासूनचं आहे. दिवाळीच्या बोनसमधून वर्षाला एक हप्ता जास्तीचा टाकला तर २० वर्षांचं कर्ज सव्वातीन-साडेतीन वर्षं आधी संपतं आणि बारा लाखांच्या आसपास व्याज वाचतं. टाकताना ‘मुदत कमी करा, हप्ता नको’ असं लेखी द्यावं लागतं; काउंटरवरचा मुलगा दुसरंच बटण दाबायला बसलेला असतो. नव्या गिऱ्हाइकाला पाव-अर्धा टक्का कमी दर मिळत असेल तर जुन्यालाही थोडी फी भरून तो बऱ्याचदा मिळतो. अट एकच, मागावा लागतो. आपल्या मौनाइतकंच आमचंही मौन बँकेला आवडतं.

आपण जागा सोडा असं आमचं म्हणणं नाही. उलट पुढच्या गुढीपाडव्याच्या होर्डिंगवर आपला आकार वाढवून मिळावा, किमान त्या सोफ्याएवढा, असा अर्ज आम्ही बिल्डरकडे देत आहोत. सूचक म्हणून आपलं नाव घालू का?

कळावे, लोभ असावा, व्याज नसावे.

आपला,
फाट्यावर अडकलेला एक धायरीकर

ता. क. : कर्ज पूर्ण फिटल्यावर घराचे मूळ कागद ३० दिवसांत परत करायचे आणि बँकेच्या चुकीने उशीर झाला तर दर दिवशी ५,००० रुपये कर्जदाराला द्यायचे, असा नियम १ डिसेंबर २०२३ पासून आहे. महिन्याला दीड लाख होतात. आमच्या तिसऱ्या मजल्यावरच्या गृहस्थांचा शेवटचा हप्ता येत्या मार्चमध्ये आहे आणि बँकेने शक्यतो आळस करावा म्हणून ते आत्तापासून प्रार्थना करत आहेत.