वाचीव गाणं

नानांकडे गाणं भरपूर आहे, आणि ते सगळं कपाटात आहे. वरच्या कप्प्यात भातखंडे, मधल्यात चरित्रं-आत्मचरित्रं, खाली गौरवग्रंथ, स्मरणिका आणि दिवाळी अंकांतून कापून ठेवलेले लेख. खुणेला एसटीची जुनी तिकिटं. घरात टेपरेकॉर्डरही आहे. पण त्याच्यावर बी. आर. देवधरांचं ‘थोर संगीतकार’ ठेवलेलं असतं. टेप लावायची तर आधी पुस्तक उचलावं लागतं, आणि नानांनी पुस्तक उचललं की ते उघडतातच. टेप राहून जाते.

असा माणूस पुण्यात पेठेगणिक एक तरी सापडतो. दादर-गिरगावात सापडतो, मिरजेकडे तर हमखास. तो गात नाही, पेटीला हात लावत नाही, शिकवणीला म्हणून कधी गेलेला नसतो. पण कुठल्या खाँसाहेबांनी कुठल्या संस्थानिकाची बिदागी परत केली, कुठल्या बुवांनी गुरूघरी किती वर्षं पाणी भरलं, हे त्याला पान क्रमांकासकट ठाऊक असतं.

नानांनी गायकांची एक उतरंड लावून ठेवली आहे. ती नीट पाहिली की तिच्यातला नियम कळतो. ज्याचं गाणं ऐकायची काही सोय उरलेली नाही, तो सगळ्यात थोर. म्हणून अल्लादियाखाँसाहेब अग्रस्थानी. त्यांनी आपलं गाणं तबकडीवर जाऊच दिलं नाही. त्यांच्या शेजारी भास्करबुवा बखले. ते १९२२ साली गेले, मागे एक तबकडी नाही. “फैज महंमद खाँ, नत्थन खाँ आणि वर अल्लादियाखाँ. तीन-तीन तालमी एका गळ्यात!” हे नाना असं काही मान हलवून म्हणतात, की काल रात्रीच बुवांना ऐकून परतले असावेत. नानांचा जन्म बुवा गेल्यावर पाव शतकानं झाला.

अब्दुल करीम खाँचं स्थान त्याखालचं. मान मोठाच, पण त्यांच्या तबकड्या आहेत आणि त्या कोणीही लावून ऐकू शकतो, ही जरा अडचण. भीमसेन, कुमार, किशोरीताई यांच्याबद्दल नाना फारसं बोलतच नाहीत. नानांनी तोंड उघडावं तर समोरचा म्हणतो, “मी होतो त्या मैफलीला.” मग काय बोलणार?

पण नानांची बाजूही घेतली पाहिजे. आपल्याकडे ध्वनिमुद्रण आलं १९०२ मध्ये. त्याआधीचं गाणं कोणीतरी सांगितलं म्हणूनच आपल्याला कळलं, आणि हे सांगण्याचं काम मराठी माणसानं हौसेनं केलं. गोविंदराव टेंबे पेटी वाजवायचे, नाटकात काम करायचे, चाली बांधायचे. त्यांनी ‘माझा संगीत व्यासंग’ लिहिलं. वामनराव देशपांडे पेशानं हिशेबनीस, चार्टर्ड अकाउंटंट. त्यांनी ‘घरंदाज गायकी’मध्ये कोणतं घराणं स्वराकडे किती झुकतं आणि लयीकडे किती, याचा ताळेबंद मांडला. किराणा स्वराच्या टोकाला, आग्रा लयीच्या, जयपूर मधोमध. नानांना हा ताळेबंद तोंडपाठ आहे. तो आणि त्यांचा कान यांची अजून गाठ पडलेली नाही, एवढंच.

ती पडायची वेळ आली तर नाना फार हुशारीनं निभावून नेतात. भूप आणि देशकार यांचे स्वर तेच. एकात गंधारावर भर, दुसऱ्यात धैवतावर. यावर नाना अर्धा तास बोलू शकतात. बैठकीत मात्र गायिकेनं सुरुवात केली की ते डोळे मिटतात आणि शेजारच्याकडे झुकून म्हणतात, “जरा वेगळ्या अंगानं मांडतेय, नाही?” हे वाक्य कुठल्याही रागाला चालतं. शेजाऱ्यानं चुकून रागाचं नाव घेतलं की नानांचं “वाटलंच!” तयार.

विलंबित हा त्यांचा बोलण्याचा काळ. समेला यायला अवकाश असतो, तेवढ्यात एक किस्सा बसतो. हस्सू खाँची आख्यायिका तर ठरलेली. ग्वाल्हेर दरबारात त्यांना ‘कडक बिजली’ची तान पुन्हा घ्यायला लावली, तानेत बरगडी निखळली, तोंडातून रक्त आलं, तरी तान पुरी केली आणि मगच गेले. गेल्या हिवाळ्यात आमच्या वाड्यात एका पोरसवदा गवयाची बैठक होती. त्यानं एक दमदार गमकेची तान घेतली. सगळ्यांनी दाद दिली. नाना मात्र टाचा उंचावून त्याच्या बरगड्यांकडे बघत होते. तान संपली, पोरगं धडधाकट पाणी प्यायलं. नाना खाली बसत म्हणाले, “आता तशी तान राहिली नाही.”

नातवाला मात्र आजोबांचा फार अभिमान. एकदा त्यानं मोबाइलवर अब्दुल करीम खाँची झिंझोटी शोधून काढली, छोटा स्पीकर जोडला आणि म्हणाला, “आजोबा, हे बघा तुमचे खाँसाहेब.” नानांनी हात जोडले. पहिला सूर निघाला आणि त्याच्या पाठोपाठ नानाही निघाले. “हीच तबकडी! लहानग्या भीमसेनानं हीच ऐकली आणि घर सोडलं. बरं का, खाँसाहेबांचा एक कुत्रा होता, टिपू, त्याला त्यांनी सुरात ओरडायला शिकवलं होतं. आणि गेले कसे? १९३७, पाँडेचरीला निघाले होते. गाडीत अस्वस्थ वाटू लागलं, म्हणून सिंगपेरुमल कोइल या एवढ्याशा स्टेशनावर उतरले, फलाटावरच नमाज पढले, दरबारीत ईश्वराला आळवलं, आणि…” नानांचा गळा दाटून आला. डोळ्यांत खरंच पाणी होतं. तेवढ्यात तबकडीची तीन मिनिटं संपली.

“ऐकलंस?” नाना चष्मा पुसत म्हणाले. “याला म्हणतात सूर.”

नातू म्हणाला, “परत लावू?”

“नको. एकदाच ऐकावं असं गाणं.”

काकूंनी मात्र या विषयावरचं एक पानही वाचलेलं नाही. त्यांच्या माहेरी ग्रामोफोन होता, तेवढंच शिक्षण. परवा मी गेलो तेव्हा त्या गवारीच्या शिरा काढत होत्या आणि ‘मानापमाना’तलं एक पद गुणगुणत होत्या. जागा सगळ्या जिथल्या तिथे, हरकत अशी की माझा चहा गार झाला. नाना खिडकीशी पुस्तकात डोकं घालून बसले होते. त्यांनी हात वर केला.

“अगं, जरा हळू. टेंब्यांनी १९११ साली या पदांना पूरबी ढंगाच्या चाली कशा दिल्या, ते वाचतोय.”

“वाचा,” काकू म्हणाल्या. “काही चुकत असेल माझं, तर सांगा.”

नाना दोन पानं मागे गेले, मग एक पुढे आले, आणि म्हणाले, “तसं काही दिलेलं नाही इथे.”

काकूंनी अंतरा घेतला.