नुसती थिअरी

शुद्ध गणिताचा निवृत्त प्राध्यापक सोसायटीत राहायला आला, की त्याची ओळख करून द्यावी लागत नाही. कट्ट्यावर कोणीतरी सहज म्हणतं, "पाणी कमी का येतं, याबद्दल माझी एक थिअरी आहे," आणि पलीकडच्या बाकावर इतका वेळ झोपलेला वाटणारा गृहस्थ डोळे न उघडता विचारतो, "गृहीतकं कोणती?"

असे एक सर आमच्याकडे आहेत. तुमच्याकडेही असतील, नसतील तर तुमच्याकडे पाण्याच्या चर्चा लवकर संपत असतील. दोष टाकीतल्या फ्लोटचा की चौथ्या मजल्यावरच्या वॉशिंग मशीनचा, याच्याशी सरांना कर्तव्य नसतं. त्यांचं म्हणणं एवढंच, की तुम्ही बोलताय ती अटकळ. थिअरी म्हणजे आधी चार-पाच विधानं उघडपणे मान्य करायची आणि मग त्यांतून तर्काने जे जे निघेल ते पत्करायचं. आवडेल तेवढंच नव्हे, सगळं. हे 'सगळं' ऐकताना फ्लोटवाल्याचा उत्साह मावळतो.

"थिअरीत ठीक आहे हो, पण प्रत्यक्षात..." हे वाक्य मात्र त्यांच्यासमोर उच्चारू नये. लगेच ऑयलर निघतो. सहा रेजिमेंट, प्रत्येकीचे सहा हुद्द्यांचे सहा अधिकारी, एकूण ३६. ते चौकोनात असे उभे करायचे, की प्रत्येक आडव्या आणि उभ्या रांगेत प्रत्येक रेजिमेंट आणि प्रत्येक हुद्दा एकेकदाच यावा. १७८२ मध्ये ऑयलर म्हणाला, हे जमणारं नाही. आणि सहाच काय, दहा, चौदा, अठरा यांनाही जमायचं नाही. सहाचं त्याचं खरं निघालं. दहाचं मात्र जमतं, हे १९५९ मध्ये बोस, श्रीखंडे आणि पार्कर या तिघांनी दाखवून दिलं. सहा सोडून पुढच्या सगळ्यांचंच जमतं म्हणे. इथे सर आवाज खाली आणतात, कारण शरदचंद्र श्रीखंडे पुढे मुंबई विद्यापीठात गणित विभागात होते आणि त्यांचं नाव मोठ्याने घेणं सरांना प्रशस्त वाटत नाही. मग पुन्हा आवाज चढतो. "एकशे सत्त्याहत्तर वर्षं! एवढा मोठा माणूस म्हणाला, तरी सिद्ध नाही म्हणून त्याचं मत दारातच ताटकळलं. आणि तुमच्या फ्लोटला थेट आत घ्यायचं?"

सर स्वतः नंबर थिअरीचे. हे कळल्यावर सोसायटीतल्या निम्म्या लोकांनी त्यांना आपली जन्मतारीख सांगितली. एकाने नव्या गाडीसाठी 'लाभणारा' नंबर विचारला. सरांनी प्रामाणिकपणे १७२९ सुचवला. दोन घनांची बेरीज म्हणून दोन वेगळ्या तऱ्हांनी मांडता येणारी ही सर्वांत लहान संख्या. आजारी रामानुजनने हार्डीला सांगितलेली. गाडीवाल्याने आकड्यांची बेरीज केली, ती एकोणीस, मग दहा, मग एक आली, आणि तो समाधानाने गेला. सर त्या दिवशी जेवले नाहीत, असं काकू सांगतात.

त्यांचं खरं दुःख वेगळंच आहे. हार्डीने १९४० मध्ये मोठ्या अभिमानाने लिहून ठेवलं होतं, की नंबर थिअरीचा युद्धात काही उपयोग कोणाला सापडलेला नाही आणि बरीच वर्षं सापडेलसं दिसत नाही. सरांनी हा विषय घेतला तो या भरवशावर. १९७७ मध्ये मूळ संख्यांवर चालणारी गुप्तलेखनाची पद्धत निघाली आणि बघता बघता बँका, खरेदी, सगळं मूळ संख्यांच्या खांद्यावर आलं. लोक अभिनंदन करतात, "सर, तुमच्या विषयाचा उपयोग झाला की!" आणि सर घरातली गोष्ट चव्हाट्यावर आल्यासारखे मान खाली घालतात.

बाकीच्या थिअऱ्यांकडे ते सोयरीक जुळवायला आल्यासारखे घराणं विचारत जातात. संभाव्यतेचा जन्म १६५४ मध्ये पास्कल आणि फर्मा यांच्या पत्रांत झाला, तोही जुगाराच्या एका प्रश्नातून. याबद्दल सर फारसं बोलत नाहीत. कोल्मोगोरोव्हने १९३३ मध्ये तिला गृहीतकांवर बसवलं, तेव्हापासून ती घरंदाज. गेम थिअरीचे लोक अर्थशास्त्राच्या दारी जातात, म्हणून जरा कमी. कॅटेगरी थिअरीबद्दल विचारलं, तर "फार उच्च आहे" म्हणून ते वर पंख्याकडे बघतात.

ग्रुप थिअरीवर जीव. वर्गसमीकरणासारखं सूत्र पाचव्या घाताच्या समीकरणाला का नाही, हे गाल्वा नावाच्या पोराने समीकरणाच्या उत्तरांच्या अदलाबदलीतून उलगडलं, आणि १८३२ मध्ये द्वंद्वयुद्धात गोळी लागून तो विसाव्या वर्षी गेला. ही गोष्ट सांगताना सरांचे डोळे भरतात. मग सोसायटीचा व्हॉट्सॲप ग्रुप हा ग्रुप नाही, हेही ते ओघात सिद्ध करतात: ग्रुपमध्ये प्रत्येक कृतीला तिची बरोबर उलटी कृती असावी लागते, आणि सुप्रभातचा मेसेज परत घेता येत नाही. "डिलीट फॉर एव्हरीवन केलं तर?" असं दुसऱ्या मजल्यावरच्या मुलीने विचारलं. सर विचार करत घरी गेले. दोन दिवसांनी तिच्या दारात उभे राहून म्हणाले, "डिलीट केल्याची खूण मागे उरते. म्हणजे मूळ स्थिती येत नाही. नाहीच ग्रुप." त्या मुलीशी ते आता बरोबरीने बोलतात.

लग्नकार्यात सरांना न्यावं की नाही, हा काकूंपुढचा कायमचा प्रश्न. गेल्या लग्नात सहाजणांच्या टेबलावर बसताच त्यांनी जाहीर केलं, की या सहांत एकतर तिघं एकमेकांच्या ओळखीचे आहेत किंवा तिघं परस्परांना पूर्ण अनोळखी. कोणतेही सहा घ्या, याला सुटका नाही. ही रॅमसे थिअरी. वरपक्षाकडचे गृहस्थ अगत्याने म्हणाले, "अहो, मग ओळखी करून देतो ना!" "द्या की," सर म्हणाले, "तिघं तरीही निघतीलच." तिघांऐवजी पाच हमखास निघायला किमान किती माणसं बोलवावी लागतील, हे आजही जगात कोणाला ठाऊक नाही, हे सांगताना ते नवऱ्यामुलापेक्षा जास्त खुशीत होते.

पण सरांचं खरं रूप दिसलं ते सोसायटीच्या वार्षिक सभेत. विषय पार्किंग. सेक्रेटरींनी नियम वाचले. एका नियमाप्रमाणे पाहुण्यांची गाडी आवारातच लावली पाहिजे. दुसऱ्याप्रमाणे सभासदांखेरीज कोणाचीही गाडी आवारात लावायची नाही. सर उठले.

"पाहुण्यांची गाडी आवारात लावायची, हे मान्य?"

"मान्य, सर. लिहिलंच आहे."

"मग 'पाहुण्यांची गाडी आवारात लावायची, किंवा आपला वॉचमन या संस्थेचा चेअरमन आहे', हेही मान्य. 'किंवा'च्या एका बाजूचं खरं असलं की पुरे."

"बरं," सेक्रेटरी म्हणाले. इथेच ते फसले.

"आता दुसरा नियम. पाहुण्यांची गाडी आवारात लावायची नाही. म्हणजे 'किंवा'च्या अलीकडचं गेलं. उरलं पलीकडचं."

सभागृहात शांतता. दाराशी उभ्या असलेल्या वॉचमनने टोपी नीट केली. चेअरमन मात्र खुर्चीत पुढे सरकून बसले.

"विसंगत थिअरीत काहीही सिद्ध होतं," सर म्हणाले. "लाज वाटून घेऊ नका. फ्रेगेची तर आयुष्यभराची मांडणी होती. १९०२ मध्ये दुसरा खंड छापखान्यात असताना रसेलचं पत्र आलं, की तुमच्या गृहीतकांत विसंगती आहे. बिचाऱ्याने मागे पुरवणी जोडून ती कबूल केली. आपले नियम अजून सायक्लोस्टाइलच आहेत."

"मग दोन्हींपैकी कुठला काढायचा, ते तुम्हीच सांगा सर," चेअरमन अजिजीने म्हणाले.

"ते मी कसं सांगू? एक ठेवलात तर एक सोसायटी होते, दुसरा ठेवलात तर दुसरी. लोबाचेव्हस्कीने युक्लिडचं समांतर रेषांचं गृहीतक बदललं, तर भूमिती मोडली नाही, नवी मिळाली. दोन्ही तितक्याच निर्दोष. मला कुठलीही चालेल."

"पण सर," मागून एकजण काकुळतीने म्हणाला, "माझे मेव्हणे खाली इंजिन चालू ठेवून बसलेत. गाडी लावायची कुठे?"

"हां," सर खाली बसत म्हणाले, "तो उपयोजित गणिताचा प्रश्न. त्यांचा विभाग वेगळा."