लेन्सच्या कॅपची निवड, निगा आणि शोध

लेन्सची कॅप ही कॅमेऱ्याच्या संसारातली सर्वांत स्वस्त वस्तू. ती काढल्याशिवाय फोटो येत नाही आणि काढली की ती सापडत नाही. तरीही तिच्याविषयी कोणी शिकवत नाही. छायाचित्रणाच्या वर्गात ॲपर्चर, शटर आणि आयएसओ यांवर तासन्‌तास व्याख्याने होतात. कॅप कोणत्या खिशात ठेवावी या मूलभूत प्रश्नावर मात्र सगळे गुरुजी गप्प. ही उणीव भरून काढण्यासाठी पुढील मार्गदर्शन तयार केले आहे. नवा कॅमेरा घेतलेल्यांनी ते पहिल्यापासून वाचावे. ज्यांची कॅप आधीच हरवली आहे त्यांनी थेट कलम ७ गाठावे.

कलम १ : माप

कॅप आणायला निघण्यापूर्वी तिचे माप माहीत असावे. लेन्सवर पुष्कळ आकडे असतात आणि त्यांतला सर्वांत ठळक आकडा या कामी नेमका निरुपयोगी असतो. ५० मिमी ही लेन्सची फोकल लेंथ झाली. तीवरून ‘पन्नासची कॅप द्या’ असे म्हणत मुंबईच्या बोरा बाजारात शिरलेल्या गिऱ्हाइकाला दुकानदार मान वर न करताही ओळखतो. कॅननच्या ५० मिमी एफ १.८ एसटीएम लेन्सला ४९ची कॅप लागते, तर निकॉनच्या ५० मिमी एफ १.८ जी लेन्सला ५८ची. खरा आकडा हवा असेल तर लेन्सच्या पुढच्या कडेवर, शून्यावर तिरकी रेघ मारलेली एक खूण शोधावी. तिच्या शेजारचा आकडा म्हणजे फिल्टरच्या आट्यांचे माप, आणि तेच कॅपचे. ४९, ५२, ५५, ५८, ६२, ६७, ७२, ७७ आणि ८२ ही नेहमीची मापे. एक-दोन मिलिमीटरने काय बिघडते, असे म्हणू नये. लहान कॅप आट्यांना धरत नाही आणि मोठी आत शिरत नाही.

हेच माप पुष्कळदा कॅपच्या आतल्या बाजूलाही छापलेले असते. कॅप हरवल्यावर ही माहिती फार उपयोगी पडली असती.

कलम २ : जाती

मधून दाबायची : दोन बोटांनी मधोमध चिमटा घेतला की निघते. लेन्सवर हूड चढवलेले असतानाही बोटे आतपर्यंत पोचतात. नवी घेताना हीच घ्यावी.

कडेने दाबायची : हूड नसताना उत्तम. हूड असताना बोटे हूड आणि कॅप यांच्या मध्ये अडकतात, आणि कॅप निघते ती काचेवर अंगठ्याचा ठसा ठेवूनच. पोलिसांना हा प्रकार आवडावा.

आट्यांची, धातूची : दिसायला भारदस्त, फिरवून फिरवून काढावी लागते. किल्ले, डोंगर आणि दुपारी झोपलेले नातेवाईक यांच्यासाठी योग्य. खंड्यासाठी अयोग्य. आपले फिरवणे संपेपर्यंत त्याचा मासा गिळून झालेला असतो.

वरून चढवायची : निकॉनच्या डीएसएलआरसाठीच्या १४-२४ मिमी एफ २.८ लेन्सची पुढची काच इतकी फुगीर असते की तिथे फिल्टरचे आटेच नसतात. अशा लेन्सच्या अंगच्या हूडवर अख्खी टोपी घालावी लागते. ती सैल झाली की बॅगेत लेन्स एका कोपऱ्यात आणि टोपी दुसऱ्या कोपऱ्यात स्वतंत्रपणे प्रवास करतात.

मागची : लेन्सच्या मागच्या काचेवरचा डाग पुढच्या काचेवरच्या डागापेक्षा फोटोत लवकर दिसतो. तरीही सगळे कौतुक पुढच्या कॅपचे, हा अन्याय आहे. मागची कॅप घेताना मिलिमीटर सांगून भागत नाही, माउंट सांगावे लागते. कॅननची निकॉनला चालत नाही. कॅननच्याच जुन्या ईएफची नव्या आरएफला चालत नाही.

पुढच्या कॅपच्या बाबतीत मात्र असे घराणे पाहिले जात नाही. कॅननची ५८ची कॅप निकॉनच्या ५८च्या लेन्सवर व्यवस्थित बसते. भौतिकशास्त्राची काहीही हरकत नसते. हरकत असते ती क्लबच्या सहलीला आलेल्या ज्येष्ठ सदस्यांची. त्यांची समजूत घालण्याचा कोणताही उपाय या मार्गदर्शनाच्या कक्षेत येत नाही.

कलम ३ : काढलेली कॅप कुठे ठेवावी

नियम एकच : जागा ठरलेली असावी आणि ती कधीही बदलू नये. जागा ठरलेली नसली की काखेत कळसा आणि गावाला वळसा. फरक इतकाच की काखेऐवजी पँटचा मागचा खिसा असतो आणि कॅपवर आपण बसलेले असतो.

शर्टाचा वरचा खिसा टाळावा. हरिश्चंद्रगडावर कोकणकड्याच्या टोकाशी पोटावर झोपून खाली बघण्याची पद्धत आहे. त्या वेळी वरच्या खिशात जे असेल ते कोकणात जाते. पँटच्या पुढच्या खिशात रुमालाचे तंतू, सुटे पैसे आणि शेंगदाण्याची टरफले असतात. तिथे आतली बाजू उघडी ठेवून कॅप सारली तर संध्याकाळी हा सगळा ऐवज लेन्सच्या काचेवर जमा होतो. कॅमेऱ्याच्या बॅगेतला एक रिकामा, चेन असलेला कप्पा तिच्या नावे करून द्यावा. त्यात दुसरे काही, विशेषतः किल्ल्या, ठेवू नयेत.

कॅप लेन्सला बांधून ठेवणारी दोरी मिळते. ती लावली की कॅप हरवत नाही हे मान्य. मात्र वाऱ्यावर ती लेन्सच्या अंगावर आपटत राहते, व्हिडिओत टकटक ऐकू येते आणि कॅमेरा तिवईवर लावून अर्ध्या मिनिटाचे एक्स्पोजर दिले तर तिच्या हेलकाव्यांनी चित्र हलते. सगळ्यात जुनी व्यवस्था म्हणजे ‘अगं, जरा धर’ असे म्हणून कॅप पत्नीच्या हाती देणे. या व्यवस्थेत कॅप सहसा हरवत नाही; पण पुढच्या प्रत्येक भांडणात ती निघते.

कलम ४ : कॅप लावलेली असताना काढलेले फोटो

डीएसएलआर किंवा मिररलेस कॅमेऱ्यात कॅप राहिली तर अंधार दिसतो आणि माणूस सावध होतो. रेंजफाइंडर कॅमेऱ्यात ही सोय नाही. तिथे डोळा लेन्समधून बघत नाही, शेजारच्या वेगळ्या खिडकीतून बघतो. कॅप लावलेली असली तरी दृश्य सुरेख दिसते, शटरचा आवाजही गोड येतो. फिल्मच्या काळात या गोडव्यात अख्खा रोल संपवता येई. निगेटिव्ह धुऊन आली की ती कोरी करकरीत.

असे करताना कोणी पकडल्यास ‘डार्क फ्रेम घेतोय’ असे शांतपणे सांगावे. हे उत्तर शास्त्रशुद्ध आहे. रात्रीचे आकाश टिपणारे लोक मुद्दाम कॅप लावून, तेवढाच वेळ, तोच आयएसओ आणि शक्य तितके तेच तापमान ठेवून काळे फोटो काढतात. सेन्सर स्वतःच जे खोटे ठिपके उठवतो ते त्यांत नोंदले जातात, आणि मग आकाशाच्या फोटोतून ते वजा करता येतात. फक्त हे उत्तर मुंजीत चालत नाही.

इतिहासही कॅपच्या बाजूने आहे. फ्रेडरिक स्कॉट आर्चरने १८५१ साली ओल्या कलोडियनची पद्धत प्रसिद्ध केली आणि १८५४ साली मुंबईत फोटोग्राफिक सोसायटी निघाली. डॉ. भाऊ दाजी लाड यांचे बंधू डॉ. नारायण दाजी हे तिथल्या सुरुवातीच्या हिंदी छायाचित्रकारांपैकी. त्या काळच्या काचांना सेकंदांच्या हिशेबाने उजेड लागे. कॅप काढायची, मनात आकडे मोजायचे, कॅप परत लावायची, झाला फोटो. समोरच्याने तोवर शिंकायचे नाही. म्हणजे कॅप हेच शटर होते, आणि छायाचित्रकाराला ती हरवणे परवडणारे नव्हते. १८७१ साली रिचर्ड मॅडॉक्सने जिलेटिनच्या कोरड्या काचेची पद्धत मांडली. पुढच्या काही वर्षांत या काचा इतक्या वेगवान झाल्या की सेकंदाचा अंश पुरू लागला. एवढे चपळ काम मनुष्याच्या मनगटाला जमेना. तेव्हा यांत्रिक शटर आले आणि कॅपची बदली पहाऱ्यावर झाली. ती तेव्हापासून वारंवार गैरहजर राहते, यात आश्चर्य नाही.

कलम ५ : आंतरग्रहीय दाखले

कॅप ऐन वेळी निघाली नाही म्हणून खचून जाणाऱ्यांनी सोव्हिएत संघाचा अनुभव ध्यानात घ्यावा. १९७५ साली व्हेनेरा ९ आणि व्हेनेरा १० ही याने शुक्रावर उतरली. प्रत्येक यानावर दोन कॅमेरे, प्रत्येक कॅमेऱ्याला कॅप, आणि जमिनीवर टेकल्यावर या कॅप आपोआप उडून पडाव्यात अशी योजना. दोन्ही यानांवर एकेक उडाली, एकेक चिकटून बसली. चहूबाजूंचे दृश्य यायचे ते अर्धेच आले. तरी व्हेनेरा ९ ने पाठवलेले चित्र हे दुसऱ्या ग्रहाच्या जमिनीवरून आलेले पहिले चित्र ठरले. अर्ध्या कॅपवर एवढे यश अन्य कोणाला मिळालेले नाही.

१९७८ साली व्हेनेरा ११ आणि व्हेनेरा १२ गेली. या वेळी एकही कॅप निघाली नाही. दोन याने, कोट्यवधी किलोमीटरचा प्रवास, आणि फोटो शून्य. ताडोब्यात वाघ समोर असताना कॅप काढायची राहिली म्हणून जिप्सीभर बोलणी खाणाऱ्याने हे दोन आकडे पाठ करावेत : ११ आणि १२.

१९८२च्या मार्चमध्ये व्हेनेरा १३ आणि व्हेनेरा १४ उतरली. तापमान ४५० अंश सेल्सिअसच्या वर, हवेचा दाब पृथ्वीच्या सुमारे ९० पट, आणि सगळ्या कॅप निघाल्या. रंगीत चित्रे आली. परंतु व्हेनेरा १४ वर जमीन किती टणक आहे हे दाबून बघणारा स्प्रिंगचा एक दांडा होता. तो खाली आला तो नेमका उडून पडलेल्या कॅपवर. शुक्राच्या मातीऐवजी कॅपचा टणकपणा मोजून पृथ्वीकडे रवाना झाला. बोध : कॅप काढणे हे अर्धेच काम; ती कुठे पडते हे बघणे हे उरलेले अर्धे.

उलट बाजूचा दाखला चंद्रावरचा. नोव्हेंबर १९६९ मध्ये अपोलो १२ च्या ॲलन बीन यांनी रंगीत टीव्ही कॅमेरा हलवताना त्याचे तोंड चुकून सूर्याकडे गेले. आतली नळी जळाली आणि त्या मोहिमेचे चांद्रभूमीवरून होणारे थेट प्रक्षेपण तिथेच संपले. कॅमेरा वापरात नसेल आणि ऊन समोरून येत असेल तर कॅप लावावी. मिररलेस कॅमेरा गच्चीच्या कठड्यावर, लेन्स सूर्याकडे करून उघडा ठेवू नये. त्यासाठी चंद्रावर जावे लागत नाही.

कलम ६ : निगा

कॅपची आतली बाजू स्वच्छ नसेल तर ती लेन्सचे रक्षण करीत नाही, तिच्यावर धूळ शिंपडते. जेजुरीला सोमवती अमावस्येला भंडारा उधळला जातो तेव्हा कॅमेऱ्यासह सगळे सोने होते. तिथून आल्यावर कॅप तशीच लावली तर लेन्स पुढचे कित्येक दिवस हळदीची राहते. आधी ब्लोअरने फुंकावे, मग मऊ ब्रश, आणि डाग राहिलाच तर मायक्रोफायबरचे कापड. शर्टाचे टोक, साडीचा पदर आणि तोंडाची वाफ ही तिन्ही साधने परंपरागत असली तरी वर्ज्य आहेत.

पावसाळ्यात कॅपवर फाजील विश्वास टाकू नये. कासच्या पठारावरून भिजून आलेल्या लेन्सला कॅप लावून कपाटात ठेवले तर आत ओल, अंधार आणि निवांतपणा राहतो. बुरशीला याहून अधिक काही नको असते. ती काचेवरच्या कोटिंगवर जाळे पसरते आणि जाताना कोटिंग खराब करून जाते. म्हणून आधी लेन्स पुसून, पंख्याखाली कोरडी करून मगच कॅप लावावी. हवाबंद डबा आणि सिलिका जेल हा स्वस्त उपाय. निळे दाणे गुलाबी झाले की ते ओल पिऊन तृप्त झाले असे समजावे आणि गरम करून पुन्हा निळे करावेत. ऐपत असेल तर ड्राय कॅबिनेट घ्यावे आणि आर्द्रता ४० ते ५० टक्क्यांच्या दरम्यान ठेवावी.

कलम ७ : हरवल्यावर

प्रथम बसलेल्या जागेवरून उठून पाहावे. मग दुसऱ्या लेन्सवर पाहावे, कारण एकाच मापाच्या दोन लेन्स असतील तर कॅप बहुधा तिकडे गेलेली असते. मग कोणालाही दोष न देता नवी घ्यावी. कंपनीचे नाव नसलेली साधी कॅप शे-दोनशे रुपयांत मिळते आणि काम तेच करते. दोन घ्याव्यात. दुसरी घेतल्यावर पहिली सापडते, हा अनुभव सार्वत्रिक आहे.

कॅपऐवजी यूव्ही फिल्टर कायमचा लावून ठेवणारा एक पंथ आहे. धुळीत आणि समुद्राच्या तुषारांत फिल्टर उपयोगी पडतो. पण दिवाळीच्या रात्री आकाशकंदिलांसमोर स्वस्त फिल्टर लावला की प्रत्येक दिव्याचा एक भुताटकीचा जुळा भाऊ फोटोत येतो. रात्री तो काढावा. धक्क्यापासून बचावासाठी हूड बरे; ते फोटोला लागणारा उजेड अडवत नाही आणि हरवण्याइतके लहानही नसते.

कलम ८ : निकाल

नव्या लेन्सवर ओरखडा पडेल या भीतीने आपल्याकडे कॅप काढण्याचा मुहूर्त पाहिला जातो. टीव्हीच्या रिमोटवरचे प्लॅस्टिक टीव्ही मोडीत निघेपर्यंत तसेच ठेवणाऱ्या घरांत लेन्सचेही तेच होते. वस्तुस्थिती अशी की पुढच्या काचेवरचा धुळीचा कण किंवा बारीकसा ओरखडा फोटोत जवळजवळ दिसतच नाही. न काढलेला फोटो मात्र कोणत्याही सॉफ्टवेअरने दुरुस्त होत नाही.

म्हणून अंतिम आदेश असा : कॅमेरा बॅगेत असेल तर कॅप लेन्सवर, कॅमेरा हातात असेल तर कॅप बॅगेत. हातात कॅमेरा आणि लेन्सवर कॅप असे कोणी दिसल्यास त्याला जवळच्या माणसाने सौजन्याने हटकावे.